पाठीवरचा मासा

प्रिय प्रणाली,

तुझा मेसेज तीन दिवसांपासून उघडून पाहून राहिलो. मोबाईलवर उत्तर जमेना, म्हणून कागद घेतला. इथे अकोल्यात, जठारपेठेतल्या मामांच्या दुकानात सकाळपासून शेवंतीचे हार ओवतो. थकून जातो. कॉलेज सोडून चार महिने झाले. मला परत घ्यायचं की नाही ते ठरवायला प्राचार्यांनी सोमवारी अमरावतीला बोलावलंय, हे तुला माहीत आहेच.

खरं सांगू? फ्रेंच मी तुझ्यामुळे घेतलं होतं. मॅडम तिकडचे विनोद सांगायच्या, अमुक साहेब-बाईंना मुलगा झाला, त्याचं नाव काय? नाव-आडनाव एका दमात म्हटलं की भलतंच वाक्य व्हायचं. सगळे हसायचे. मी तुझ्याकडे पाहून हसायचो, अर्धं मिनिट उशिरा. प्रीतम म्हणाला होता, "कुंदनले हसू बी लाल डब्यानं येते!" त्यावर तू सगळ्यांच्या आधी हसलीस. ते लागलं मला.

एक एप्रिलला तिकडे लोक एकमेकांच्या पाठीवर कागदाचा मासा चिकटवतात, हे मॅडमनी सांगितलं त्या दिवशी मी वर्गात नव्हतो. मोर्शीच्या बाजारात बाबांसोबत भाजी विकत होतो. म्हणून एक एप्रिलला कॉलेजात कोणीतरी लावलेला मासा तसाच पाठीवर घेऊन मी स्टँडवर गेलो, एसटीत बसलो, थेट बाबांच्या दुकानापर्यंत पोचलो. लोक हसत होते अन् मी मागे वळून पाहत होतो, कोणावर हसतात म्हणून. मासा बाबांनी काढला. "हेच शिकून राहिला का रे तिथं?" एवढंच बोलले, अन् गिऱ्हाइकांना दिसू नये म्हणून घडी करून खिशात ठेवला. दुसऱ्या दिवशी मी कोणाला काही विचारलं नाही. भर वर्गात प्रीतमला मारलं. "म्या नाई लावला बे," म्हणत राहिला तो. दात पडला त्याचा. पण नाव त्यानं कोणाचंच घेतलं नाही.

आता तू लिहितेस, मासा तू लावला होतास, अन् सोमवारी येऊन सरांना तसं सांगणार आहेस. मी रागावलो नाही. रागावायलाही जोर लागतो. उलट वेड्यासारखा खूश झालो, की तू माझ्या शर्टाला हात लावलास अन् मला कळलंही नाही.

पण येऊ नकोस. हेच सांगायला लिहिलं. तू गंमत केलीस. दात माझ्या हातानं पडला. तू बोललीस तर सर हळहळतील, मला परत घेतील, अन् प्रीतमनं खाल्लेला मार फुकट जाईल. शिवाय तू समोर असलीस, की मी माफी त्याची मागीन अन् पाहीन तुझ्याकडे. सोमवारी मला त्याच्याकडे पाहायचंय.

इतक्यावरही तुझाच,
कुंदन