बाहुल्याची तोंडभरणी

३ नोव्हेंबर १९७४

लूमवरची शेवटची पाळी करून पत्र्याची पेटी उचलली आणि चनबसप्पा मास्तरांकडं राहायला आलो. ही डायरी लूमच्या हापिसातली, कारकुनानं टाकलेली. मी चौथी शिकलोय, पण अक्षर वळणदार हाय असं गुरुजी म्हणायचे. मोठ्या माणसांच्या डायऱ्या असतात. मी बी आता मोठा होणार.

मास्तर बाहुल्यांचे खेळ करतात. पंज्यात घालायच्या बाहुल्या. वर लाकडी डोकं, खाली झगा. आधी शाळांत, मग नाटकाच्या थेटरात, आणि गेल्या साली मुंबईला टीव्हीवर. सोलापुरात टीव्ही दिसत न्हाय, पण भिंतीवर फोटो हाय. एकटा माणूस सहा आवाज काढतो, पोलिसाचा, वाण्याचा, म्हातारीचा, सगळे येगळे. आता टीव्हीवाल्यांनी सातवा मागितलाय, सांगोल्याकडचा खेडवळ. मी टपरीवर चहा पीत मुकादमाची नक्कल करत होतो, ती मास्तरांनी ऐकली. म्हणाले, तुझी बोली मला पायजे, येतोस का मुंबईला. लूमच्या खडखडाटात बहिरं होण्यापेक्षा हे बरं.

मास्तरांची बायको गंगम्माक्का. कडक भाकरी, शेंगाची चटणी, वर दही. आई केराबाईला खडकवस्तीला पत्र टाकलं. तिला वाचता येत न्हाय, पोस्टमन वाचून दावील. लिवलं की तुझा कुंडलिक आता टीव्हीत जाणार.

६ नोव्हेंबर

घरात आणखी एक जण हाय, निंगप्पा, तिशीचा, मुका. पाणी भरतो, बाहुल्यांचे झगे धुतो. अक्कलकोटच्या पलीकडचा, मास्तरांचा आधीचा चेला. अक्का म्हणाली, ताप आला आणि वाचा गेली. आज तो भाकरी खात होता, मी मागनं जाऊन परात आपटली. दचकला, तोंड वासलं, आणि आतनं कायच आलं न्हाय. मी आणि अक्का हसून लोळलो. मास्तर बी हसले. म्हणाले, विहिरीत बादली सोडली आणि दोर आखूड पडला.

९ नोव्हेंबर

आज माझा बाहुला मिळाला. पांगाऱ्याचं डोकं, लाल मुंडासं, तोंड मिटलेलं. जबडा अजून कापलेला न्हाय. त्याआधी तोंडभरणी करायची, मास्तरांच्या सासऱ्यापासूनची रीत. रोज सकाळी त्याच्या ओठाला ओठ लावून आपल्या घरचं एक कायतरी सांगायचं, आपल्या बोलीत. एकदा सांगितलं की ते पुन्हा कुणापुढं काढायचं न्हाय, उष्टं होतं. शेवटी आपलं नाव सांगायचं. मग करवतीनं जबडा कापायचा, की बाहुला बोलता झाला.

मी पहिल्यांदा मेंढरांना घालायची हाळी दिली. लाकूड गार होतं, नंतर जरा ऊन लागलं.

१७ नोव्हेंबर

चिंचोळीच्या रस्त्यानं मेंढरं चालली होती. मेंढक्याला गंमत दावावी म्हणून हाळी घालायला गेलो. आलीच न्हाय. नुसता वारा गेला. मेंढक्या म्हणाला, पावणं, आधी दात आणा. थंडीनं घसा बसला असंल.

२९ नोव्हेंबर

मास्तर म्हणतात, बाहुला भरला की लगेच मुंबई. मग रोज एक कशाला? मला दम धरवत न्हाय. आज एका बसणीला पाच-सहा दिली. दुष्काळात खडी फोडताना बाया म्हणायच्या ती गाणी. गावातल्या सगळ्या शिव्या. वस्तीचं नाव, रस्ता. आईला हाक कशी मारतो ते बी दिलं.

निंगप्पा धावत आला आणि माझ्या तोंडावर हात दाबला. मी त्याचा हात चावला, रगत आलं. तरी सोडंना. मग गुडघा घातला. मास्तर दारात उभे होते. म्हणाले, जळतोय तुझ्यावर. जेवताना मला तुपाची धार जास्त पडली.

१४ डिसेंबर

पत्र लिवायला बसलो. मायना लिवता येईना. ती, जिनं मला पोसलं, तिला काय म्हणतात ते — हात थांबतो. वस्तीचं नाव बी न्हाय. मागची पानं काढली. तितं मीच लिवलंय, माझंच अक्षर. पण नेमके तेवढेच शब्द मला कानडी पाटीसारखे दिसतात. बाकी सगळं वाचता येतं.

मास्तरांना विचारलं. म्हणाले, रियाज जास्त झाला, ताक पी.

१५ जानेवारी १९७५

गड्ड्याच्या जत्रंत खेळ. तंबू खच्चून भरला होता. मी पडद्यामागं बाहुल्या हातात द्यायला, निंगप्पा पेटीला.

मास्तरांनी पोलीस वर काढला आणि तो बोलायला लागला, तशी पुढं बसलेली एक म्हातारी उठली. रत्नम्मा, निंगप्पाला जन्म दिलेली, हे मागनं कळलं. कानडीत ओरडली, निंगा, ऊटा आयितेनो, जेवलास का रे. लोकांना वाटलं खेळातलंच हाय. मास्तरांनी बाहुला तिच्याकडं वळवला. त्याच आवाजात, त्याच कानडीत म्हणाले, व्हय अव्वा, चोराच्या घरी जेवलो, ढेकर देऊ का. तंबू फुटला हसून. ती रडत रडत पुढं आली, बाहुल्याच्या गालावरनं हात फिरवला. बाहुला तिला म्हणाला, बस खाली, म्हातारे, न्हायतर आत घालीन.

निंगप्पा माझ्याजवळ, दोन हातांच्या अंतरावर. तोंड वासून. मान ताणून. पेटीचा भाता दाबत होता, कारण मास्तरांचा पाय त्याच्या पाठीवर होता.

सहा बाहुल्या. मास्तर आवाज काढत न्हाईत. आवाज —

१७ जानेवारी

माझी पत्र्याची पेटी न घेता पळालो. एसटी स्टँडवर रांगेत उभा राहिलो. खिडकीतल्या माणसानं विचारलं, कुटं. मी तोंड उघडलं. पुन्हा विचारलं, कुटं जायचं, सासरवाडीला का मसणात. रांग हसली. पाट्या बघितल्या. एक बी पाटी माझ्या गावची दिसंना. मागच्यानं ढकललं. मी सगळं बोलू शकतो असं वाटत होतं, पण हितं सांगायला जे पायजे तेच गेलंय.

संध्याकाळी परत आलो. दुसरं घर कुटलं? अक्कानं ताट वाढूनच ठिवलं होतं.

२२ जानेवारी

मास्तर मारत न्हाईत. लाडानं बोलतात. बाहुला जवळजवळ भरला, म्हणाले, आता नुसतं नाव. कोण जबरदस्ती करत न्हाय. जवा वाटंल तवा दे.

मी देणार न्हाय. बाकीचं आपोआपच जातंय, न सांगता. सकाळी पाणी मागायला गेलो, शब्दच आला न्हाय. बोट दावलं. निंगप्पानं तांब्या दिला. चावल्याचा वण हाय त्याच्या हातावर. मी पाया पडलो त्याच्या. तो विहिरीवर गेला.

२६ जानेवारी

एकच शब्द निघतो तोंडातनं. नाव. रोज पहाटे पांघरुणात म्हणून बघतो. कुंडलिक. कुंडलिक. बाहुला खुंटीवर. तोंड माझ्याकडं. मी भिंतीकडं वळवला. सकाळी पुन्हा —

२ फेब्रुवारी, दुपार

ती आलीय.

पत्र बंद झालं म्हणून हुडकत आलीय. ओसरीवर बसलीय. अक्कानं मला मधल्या खोलीत घातलं, बाहेरनं कडी. दाराला फट हाय. तिचे पाय दिसतात. चालून फुटलेत.

मास्तर तिला म्हणतात, पोरगं आत झोपलंय, हाक मारा.

तिनं हाक मारली.

बाहुला माझ्यापुढं ठिवलाय. नाव न घेताच जबडा आज कापलाय. जबड्याची दोरी फटीतनं बाहेर, मास्तरांच्या बोटाला. ओ देता येत न्हाय. दार वाजवलं, तर मास्तर म्हणाले, आत मुका गडी हाय, त्याचा दंगा. लिवून सरकवलं तर तिला वाचता —

नाव तेवढं निघतं. नावानं ओळखंल ती. पण नाव निघालं की —

ती उठतीय. पदर झाडला. म्हणती, न्हाय माझं पोरगं हितं, चुकले मी.

मी म्हटलं. मोठ्यानं म्हटलं.

ती वळली. हसली. म्हणाली, हाय की रे, हाय की.

आणि बाहुला बोलला. माझ्या गळ्यानं. हाळी घालावी तसा. मी बरा हाय, ताप हाय जरा, तुला लागंल, दार उघडू नको, तू जा, मुंबईहून पैसं पाठवतो. जा म्हटलं की.

दार बडवलं. डोकं आपटलं. तिनं विचारलं, कोण वो आत. मास्तर म्हणाले, तोच मुका.

ती म्हणाली, बिचारं. कुणाचं लेकरू.

दाराखालनं तिची बोटं आली. भाकरीचा तुकडा सरकवला. मुक्यासाठी. बोटं धरली मी. घट्ट. तिनं सोडवून घेतली. भ्याली मला.

पाय चाललेत. उंबरा. पायरी

मी — मी क