तिसरी पिन

शुक्रवार पेठ, सोलापूर
१० नोव्हेंबर २०२४

चि. हृषीकेश यास,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

फोनवर तू हो-हो म्हणतोस आणि ठेवून देतोस. कागद निदान दोनदा वाचतोस, म्हणून लिहिते आहे.

दिवाळीत तू हसत हसत आईला सांगत होतास, की स्टेजवर गाताना ओठ माइकला लागले की मुंग्या चावल्यासारखं होतं. आईने तुझ्या ओठांना तूप लावलं. पाहुणे होते म्हणून मी गप्प बसले. आता विचारते. तुझ्या गिटारच्या अ‍ॅम्पच्या प्लगला पिना किती आहेत? बघून कळव, आठवून नको.

कारखान्यांचं वायरिंग तपासणं हे माझं रोजचं काम आहे, तेव्हा थट्टा नको. गिटारच्या तारा आतून अ‍ॅम्पच्या धातूच्या सांगाड्याला जोडलेल्या असतात. मुंग्या येतात, म्हणजे तिथे करंट गळतो आहे. त्यात तू अनवाणी वाजवतोस.

आई बरी आहे. तुझा अनवाणी वाजवतानाचा फोटो तिने नानांच्या हार घातलेल्या फोटोशेजारी लावला आहे. तिथे नको म्हटलं, तर ऐकत नाही.

माया आहेच. उत्तर पाठवलंस तर वाढेल.

तुझी,
भार्गवीताई


पुणे
१९ नोव्हेंबर २०२४

ती. इन्स्पेक्टर ताईस,
शि. सा. न. वि. वि.

पिना दोन. आधी तीन होत्या, पण अ‍ॅम्प लावला की घूं अशी गुणगुण यायची. आमचा साउंडवाला निंगप्पा अक्कलकोटचा. त्याने जाड पिन पकडीने कापली आणि गुणगुण गायब! तुझी भीती त्याला सांगितली, तर म्हणतो, ताईंना म्हणावं, करंटाबिगर रॉक वाजतंय व्हय?

आता खरी बातमी. गॅदरिंगला तीन गाणी वाजवणारे आम्ही, आमचा पहिला अल्बम येतोय, आणि पोस्टरवर मधोमध मी! त्यातल्या एका गाण्याचं चित्रीकरण जानेवारीत वैरागच्या मैदानावर, लोकांसमोर. आईचं माहेर मीच सुचवलं. नाना तिथल्याच देवळात वीणा वाजवायचे ना! वाद्य हातात घेतलं की पायातलं काढायचं, हे त्यांचंच. लोक आम्हांला अनवाणी बँड म्हणून ओळखतात, आता बूट कसे घालू?

रागावलीस तरी लाडका भाऊ मीच आहे, दुसरा कुठून आणशील?

तुझा,
हृषी


शुक्रवार पेठ, सोलापूर
२६ नोव्हेंबर २०२४

चि. हृषीकेश यास,
आशीर्वाद. वि. वि.

सोबत तीन पिनांचा प्लग पाठवते आहे. नवी वायर मी स्वतः जोडली आहे, वर माझ्या अक्षरात पट्टी आहे. हाच वापरायचा.

जाड पिन म्हणजे अर्थिंग. अ‍ॅम्पच्या आत काही जळलं, तर करंटला जमिनीत जायची ती वाट. ती कापली की वाट तुझ्यातून: तारांवरच्या हातातून ओठांवाटे माइककडे, किंवा पायांवाटे जमिनीत. दोन्ही वाटा छातीवरून जातात. गुणगुण कमी करायची असेल, तर अ‍ॅम्प आणि माइकचा मिक्सर एकाच बोर्डावर लावा.

वैरागला कार्यक्रमाआधी धूळ बसावी म्हणून मैदानावर टँकरने पाणी मारतात. स्टेजही भिजतं. रबरी तळाचे बूट घाल. नानांच्या वीणेत वीज नव्हती.

काळजी करणं मला आवडत नाही. करायला लावू नकोस.

भार्गवीताई


पुणे
९ जानेवारी २०२५

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

फोन करत नाही, कारण तू ओरडशील. पत्रात तुझं ओरडणं निदान सुवाच्य असतं.

दीड महिना तुझाच प्लग लावला, शपथ! मुंग्या बंद झाल्या. पण एकाच बोर्डावर लावूनही थोडी गुणगुण राहतेच. गाण्याची सुरुवात नुसत्या गिटारने आहे, आजूबाजूला शांतता. चित्रीकरणवाले म्हणाले, हा आवाज चालणार नाही. म्हणून परवापुरता निंगप्पा जुना प्लग लावणार आहे. ती एक संध्याकाळ फक्त. तुझा प्लग माझ्या गिटारच्या पिशवीत नीट ठेवलाय.

बुटांचं आईला विचारलं. ती म्हणाली, माझ्या माहेरात, माझ्या बापाच्या गावात, तू बूट घालून वाद्य धरणार? विषय संपला. ती पहिल्या रांगेत बसणार आहे. तू त्या दिवशी श्रीपूरला कामावर, नाहीतर तुलाही बसवलं असतं.

पत्र हाती पडेल तोवर कार्यक्रम होऊन गेलेला असेल. मग हवं तेवढं ओरड, मी ऐकेन.

हृषी


शुक्रवार पेठ, सोलापूर
२ फेब्रुवारी २०२५

श्री. निंगप्पा यांस,
स. न. वि. वि.

तुम्ही तेराव्याला आला नाहीत. आई विचारत होती. तुम्ही धावत जाऊन मेन स्विच पाडलात, हे तिने पाहिलं आहे. तिचा तुमच्यावर राग नाही. स्वतःवर आहे. ती बुटांबद्दलच बोलते. माझं मला अजून सांगता येत नाही.

हृषीकेशचं सामान घरी आलं. अ‍ॅम्प मी उघडून पाहिला. ट्रान्सफॉर्मरचं इन्सुलेशन जळलं आहे. जाड पिन असती, तर फ्यूज उडाला असता आणि गाणं थांबलं असतं. एवढंच झालं असतं.

त्याचं पत्र मला चौदा तारखेला मिळालं.

त्याच्या पिशवीतला प्लग सोबत पाठवते आहे. वर माझ्या अक्षरातली पट्टी आहे, ती काढू नका. तुम्ही आता दुसऱ्या बँडबरोबर काम करता असं कळलं. तिथे जो कुणी गिटार वाजवतो, त्याच्या अ‍ॅम्पला हा लावा. गुणगुण येईल.

येऊ द्या.

भार्गवी