बॉनेटखालची हळद

१४ मार्च १९९९, रविवार

ठरलं. गाडी घ्यायची. जुनी का असेना, चारचाकी पाहिजे.

लेकीला, तुळजाला, सातवा लागला. पहिलं बाळंतपण माहेरी, म्हणजे अंबडला, आपल्या घरी. परवा डोहाळजेवणाला वडीगोद्रीला गेल्तो तेव्हा व्याह्यांसमोर बोलून बसलो की माझी लेक एसटीच्या धक्क्यांत येणार न्हाई, बापाच्या गाडीत येईल. पंगतीतली चाळीस माणसं ऐकत होती. हिचं, नंदाचं, म्हणणं, बोललात तर बोललात, अर्ध्या तासाचा रस्ता, आत्ताच सातव्यात एसटीनं घेऊन येऊ, अंग जड झाल्यावर घोळ नको. तिला शब्दाची किंमत कळत न्हाई.

१६ मार्च

जालना बसस्टँडवरून मोटारीवरचं पुस्तक आणलं. दोन बैठकीत संपवलं. अवघड काही न्हाई. मोटार म्हणजे शेवटी विज्ञान, आणि विज्ञान मी सव्वीस वर्षं शिकवून राह्यलो. जुन्या छोट्या गाड्यांचे नेहमीचे दोष वहीत उतरवले. नऊ निघाले: गंज, धूर, क्लच, गिअर, ब्रेक, टायर, बॅटरी, स्टेअरिंग, पाणी. प्रत्येकाला दहा मार्क.

नंदा म्हणे महेमूदला सोबत न्या. महेमूद म्हणजे चौकातला गॅरेजवाला. नववीत माझ्याकडं विज्ञानात दोनदा नापास झाल्ता, उष्णतेच्या धड्यावर. त्याला पुढं घालून मी गाडी बघायला जाऊ? शाळेत तोंड कसं दाखवू?

१८ मार्च, गुरुवार. पाडवा

आणली.

पांढरी. पाच दारं. पाचवं मागचं, पेटीच्या झाकणासारखं वर उघडतं. मालक तातेराव, जालन्यात बियाण्याचे एजंट. गोड माणूस. तपासणी पद्धतशीर केली. प्रयोगशाळेतलं लोहचुंबक नेल्तं, ते दारांना दोन ठिकाणी चिकटलं न्हाई, पण चुंबकही जुनं झालंय. धूर थोडा निळसर. ग्रेस दिले.

शेवटी पाणी. रेडिएटरचं झाकण उघडलं तर आत पिवळं. झाकणाला, नळीच्या तोंडाला, सगळीकडं हळद. तातेराव जरा गडबडले. मीच म्हटलं, घरच्यांनी पूजा केलेली दिसते. ते म्हणे, हां हां, पूजाच की सर, आमच्या मंडळी बिलकुल धार्मिक. आपण बॉनेटवर स्वस्तिक काढून मोकळे होतो. त्या माउलीनं थेट आत हळद वाहिली. अशा घरातून आलेली वस्तू दगा देत न्हाई. पाण्याला दहापैकी दहा. एकूण नव्वदपैकी सत्तर. डिस्टिंक्शन.

निघताना तातेराव खिडकीशी आले. म्हणे, सर, लांब नेऊ नका, गावातल्या गावात फिरवा. काळजीपोटी बोलले.

२१ मार्च

अंगणात गाडीखाली पिवळे थेंब. नंदा फरशी घासून राह्यली, डाग निघेना. म्हटलं राहू दे, दारात हळद सांडलेली शुभच.

२५ मार्च. रामनवमी

समर्थांच्या जांबला रामाच्या दर्शनाला गेल्तो, मी आणि नंदा. ट्रायल म्हणून. घनसावंगीच्या अलीकडं उष्णतेचा काटा वर चढत लाल पट्ट्यात गेला. थांबलो. पाणी घातलं. परत थांबलो. जाऊन येऊन चार वेळा. एका हॉटेलवाल्याचा अर्धा रांजण रिकामा झाला, मंग त्यानं रांजणच आत नेला. मी नंदाला समजावलं, उन्हाळ्यात माणूसही पाणी जास्त पितो. ती म्हणे, माणूस सांडत न्हाई. मंग म्हणे, वरणाचा वास कुठून येऊन राह्यला? शेतात कुणीतरी स्वैपाक करत असणार.

जांबच्या गर्दीत गाडीला हार घातला. लोकांनी वळून बघितलं.

४ एप्रिल

तुळजाला या रविवारी आणायचं होतं. पेपर तपासायचे आहेत. पुढच्या रविवारी नक्की.

११ एप्रिल

सीटकव्हर शिवायला टाकलेत, मरून रंगाचे. शिंप्यानं शब्द पाळला न्हाई. हल्ली कुणी शब्द पाळत न्हाई. पुढच्या रविवारी.

१८ एप्रिल, रविवार

महेमूद आल्ता. बोलावलं नव्हतं. नंदानं निरोप दिला असणार. गाडीखालचा थेंब बोटावर घेतला, वास घेतला, आणि म्हणे सर, बुरा मानू नका, रेडिएटरला बारीक छेद हाय, तो बुजावा म्हणून कुणीतरी हळद टाकली. चार दिवस बसती, मंग तीच हळद नळ्यांत जाऊन चोंदती, पाणी फिरत न्हाई. दोन दिवस गाडी माझ्याकडं ठेवा, दुसरा बसवून देतो. हळद टाकून गाडी विकणारे लई बघितलेत म्हणे.

मी शांतपणे विचारलं, उष्णता वाहून जायचे प्रकार किती, सांग. तो हसला, बोटं फडक्याला पुसली. विषय तिथंच संपला.

जाताना एवढं म्हणाला, काटा वर गेला की जाग्यावर थांबा, अर्धा तास निवू द्या, गरम असताना झाकणाला हात लावू नका. आणि थांबणं जमत न्हाई असं झालं तर हीटर चालू करा, इंजिनाची गर्मी जराशी आत येती. एप्रिलमध्ये हीटर. याला मी नापास केलं ते बरोबरच केलं.

पण एक गोष्ट त्यानं डोक्यात सोडली. तो काटा. पोटुशी लेक मागं बसलेली असणार, आणि समोर तो लाल पट्ट्यात जाऊन भीती घालणार. बरं न्हाई ते.

२५ एप्रिल

काट्याची वायर काढून टाकली. पुस्तकातल्या आकृतीवरून, पाच मिनिटांत. गावात तीन फेऱ्या मारल्या. काटा एकदाही हलला न्हाई. गाडीचं आणि माझं दोघांचं डोकं थंड.

२ मे

नंदा पिशवी भरून बसली होती. म्हणे तुम्हाला जमत न्हाई तर मी जाऊन एसटीनं घेऊन येते, नववा लागायला आला. मी पिशवी काढून घेतली. चाळीस माणसांत दिलेला शब्द आहे. तिनं रडून घेतलं. रडते तेव्हा आवाज करत न्हाई, म्हणून मला जास्त राग येतो. सीटकव्हर आले, पण मागच्या सीटला तोकडे पडले. परत दिलेत.

९ मे

फार ऊन. आज नको. रेडिएटरमध्ये सकाळी चार लोटे पाणी मावलं. काल तीन.

१३ मे

वडीगोद्रीहून जावयांचा फोन शेजारी आल्ता. संपतराव तसे कमी बोलतात. तुळजाच्या पायावर सूज आहे, कधी येता, एवढंच विचारलं. म्हटलं रविवारी, पहाटे निघून उन्हाच्या आत परत.

१६ मे, रविवार. स. ६.१०

आज. नंदा तयार आहे. सीटकव्हर चढवले. पाणी फुल्ल. डिकीत दोन कॅन जास्तीचे. देवाजवळ दिवा लावला. सातपर्यंत वडीगोद्री, नऊच्या आत घरी.

दु. १.१५, वडीगोद्री

थोडा उशीर. पोचलो वेळेवर, पण व्याह्यांनी गाडी बघितली, मंग त्यांच्या शेजारच्या खताच्या दुकानवाल्यानं बघितली, मंग हायवेवरचे सगळेच आले. चार-चार जणांना बसवून फेऱ्या माराव्या लागल्या. न्हाई म्हणता येत न्हाई. व्याही म्हणाले, सर बोलले ते केलं. हे मला चाळीस माणसांत ऐकायचं होतं, आज दहा-बारा होती, पण चालेल.

तुळजा सकाळपासून सामान घेऊन ओट्यावर बसलेली. पाठ दुखते म्हणे. नंदा म्हणाली ऊन उतरू द्या आता, न्हाईतर मला दीडची एसटी धरू द्या. म्हटलं, सीट मऊ आहे, पाठीला बरंच वाटेल. निघतो.

दु. २.२०, रस्त्यात

गाडी थांबली आहे. आपोआप. आवाज जरा मोठा झाला. अंबड अजून बारा किलोमीटर. दोन्ही बाजूंना नांगरलेली रानं, सावली न्हाई. तुळजा मागच्या सीटवर आडवी. नंदा पदरानं वारा घालून राह्यली. वरणाचा वास फार. बॉनेटमधून वाफ. पाच मिनिटं झाली, निवली असणार. झाकण उघडून बघतो.

१९ मे, बुधवार

डाव्या हातानं लिहितोय. अक्षर पहिलीतल्या पोरासारखं.

झाकण उघडलं तसं सगळं पिवळं पाणी उसळून उजव्या हातावर आलं. मनगटापासून कोपरापर्यंत. मी ओरडलो न्हाई असं मला वाटतं. नंदा म्हणते ओरडलात. त्याच वेळी तुळजाही ओरडली. तिचं पाणी गेल्तं.

एक मोसंबीचा टेम्पो आला. ड्रायव्हरनं क्रेट बाजूला सरकवले. नंदानं लेकीला आत घेतलं आणि मला म्हणाली चला. मी म्हटलं, गाडी अशी उघडी सोडून कसं येणार. ती म्हणाली, बसा मंग तुमच्या गाडीपाशी. टेम्पो गेला.

मी बसलो. सहापर्यंत. येणाऱ्या-जाणाऱ्याला हात केला न्हाई, कारण हात उचलवत नव्हता. चौकात टेम्पो बघून महेमूदला कळलं. त्यानं आधी तुळजाला आणि नंदाला त्याच्या जीपमधून जालन्याला पोचवलं, आणि मंग मला शोधत आला. म्हणे सर, जल्दी बसा. मी त्याला गाडीला दोर बांधायला लावलं. त्यानं बांधला.

दवाखान्यात डॉक्टरीणबाई माझ्यावर चिडल्या. भाजल्यावर हळद कुणी थापली म्हणून. काय सांगणार.

मुलगी झाली. साडेतीन आठवडे आधी. पावणेदोन किलो. काचेच्या पेटीत ठेवलीय. आतून हाताची मूठ उघडते आणि मिटते. मी काचेबाहेरून बघितली. नर्स म्हणाली, आजोबा, मागं सरका.

२३ मे

अजून काचेत. नाकात नळी. आज दोन वेळा रंग बदलला म्हणे. तुळजा माझ्याकडं बघत न्हाई. थकली असणार.

मी चुकलो असं कुणी म्हणालेलं न्हाई. मीच एकदा म्हणून बघितलं, जिन्यात, कुणी नसताना. मंग वाटलं, मूळ दोष तातेरावांचा.

३० मे

बाहेर काढली. दूध ओढते. मी जिन्यात बसून रडलो, डाव्या हातानं डोळे पुसता येत न्हाईत नीट.

५ जून

आज सोडलं. मी घर झाडून घेतलं होतं, पाळणा बांधला होता. संपतराव आले आणि तुळजा म्हणाली मला वडीगोद्रीला जायचंय. माहेरी न्हाई. लेक आणि नात एसटीनं गेल्या. ड्रायव्हरनं त्यांना पुढची सीट दिली. गाडी हळू नेईन म्हणाला. हळू नेली.

१२ जून

महेमूदनं इंजिन खोलून चालू करून दिलं. म्हणे सर, रेडिएटर अजून तोच हाय, बदलल्याशिवाय गाडी कुणालाही देऊ नका, खुदा के वास्ते. म्हटलं बघू. गाडी डोळ्यांसमोर नको झालीय. जाईल तेवढी लवकर जाऊ दे.

२० जून, रविवार

सकाळी गाडी धुतली. पुसली. खालचा थेंब थांबला आहे.

दहाला धर्मराज म्हणून गृहस्थ आले, कुंभार पिंपळगावचे. मास्तरची गाडी आहे म्हणून विश्वासानं आल्ते. मी वही आणली आणि नऊच्या नऊ दोष वाचून दाखवले. नवव्याखाली लाल शाईनं दहावा लिहून ठेवलेला होता, रेडिएटर बदलणे. तेवढ्यात त्यांनी झाकण उघडलं. आत बघितलं आणि हात जोडले. म्हणे सर, नेमानं पूजा करता वाटतं. मी वही मिटली.

त्यांना घाई होती. लेकीला आठवा लागलाय, उद्या सकाळीच सासरहून आणायला जायचं, सत्तर किलोमीटर, एसटीनं आणणं बरं दिसत न्हाई म्हणे. मी खिडकीशी गेलो आणि सांगितलं, लांब नेऊ नका, गावातल्या गावात फिरवा. स्पष्ट सांगितलं. ते हसले, नमस्कार करून गेले.

दुपारी नंदा नातीच्या बारशाला निघाली. ओटीच्या सामानासाठी हळद काढायला गेली तर डबा रिकामा. परवाच किलोभर दळून आणल्ती म्हणे. म्हटलं पूजेला लागली. ती अंगणात आली. जिथं गाडी उभी राहायची तिथल्या पिवळ्या डागाला तिनं बोट लावून बघितलं. मंग पिशवी उचलून स्टँडकडं गेली. मला चला म्हणाली न्हाई.

दु. ४

धर्मराजांना सगळं सविस्तर कळवायचं ठरवलं आहे. महेमूदची जीप आहे, रात्रीच्या आत जाऊन येता येईल, पण त्याला कसं सांगणार. पत्ता गाडीविक्रीच्या फॉर्मवर आहे. पोस्टकार्ड लिहून ठेवलं, चांगल्या अक्षरात, हात आता चालतो. उद्या शाळेत जाताना पेटीत टाकतो. बुधवारपर्यंत पोचेल.