डाव्या पायाची किक

आई, काल दुपारी वेरिबीच्या आमच्या घरात तीन माणसांनी तीस जणांचा आवाज केला. बाहेर रणरणतं ऊन, रस्त्यावर चिटपाखरू नाही, आणि आत तुझा जावई चक्क सोफ्यावर उभा. शेजारचे आजोबा, सत्तरी ओलांडलेले, गुडघ्याचं ऑपरेशन झालेले, तेही काठी टाकून उभे. टीव्हीवर तुझा नातू फुटबॉल खेळत होता, अमेरिकेत. तू गेलीस तेव्हा तो सहा वर्षांचा होता, पुढचे दोन दात पडलेले. आता दारातून आत येताना मान वाकवतो, आणि तिकडच्या एका युनिव्हर्सिटीने त्याला शिकायला बोलावून घेतलंय, कारण तो बॉल लांब मारतो.

थांब, नीट सांगते. हा फुटबॉल आपला नाही आणि इथली पोरं लंबगोल बॉलने खेळतात ती फूटीही नाही. हेल्मेट घालून, खांद्यांवर गाद्या बांधून एकमेकांवर आदळायचं, आणि चार प्रयत्नांत बॉल दहा यार्ड पुढे न्यायचा. तीन प्रयत्नांत जमलं नाही की बाकावरून एका मुलाला बोलावतात. तो बॉल हवेत उंच मारतो, म्हणजे समोरच्यांना पार लांबून सुरुवात करावी लागते. तो मुलगा म्हणजे आपला. इथे फूटी खेळलेल्या पोरांना लहानपणापासून लांब मारायची सवय असते, म्हणून तिकडे त्यांना मागणी. आता माझी पंचाईत बघ. टीमचं छान चाललं तर हा बाकावर बसून पाणी पितो. हा दिसायला हवा असेल तर टीमचं बिनसायला हवं. सगळा सीझन मी टीव्हीसमोर बसते आणि नेमके कशासाठी देव पाण्यात ठेवायचे ते मला कळत नाही.

कालचा सामना मोठा होता. सीझन संपला की चांगल्या टीम निवडून त्यांचा एक शेवटचा सामना लावतात, त्याला तिकडे बोल म्हणतात. दोन्ही टीम देशाच्या क्रमवारीत वरच्या. ‘आपल्याकडे बोल लावतात, हे लोक बोल खेळतात,’ असं तुझा जावई आठवडाभर भेटेल त्याला ऐकवत होता. गंमत करत होता, पण बोल खरोखरच लागले होते. आधीच्या सामन्यात पोराने मारलेला बॉल समोरच्याने पायाजवळच अडवला आणि त्या एका चुकीवर टीम हरली. लोकांनी त्याच्या फोनवर काय काय लिहिलं ते मी पूर्ण वाचूही शकले नाही. परत जा तुझ्या देशात, हे त्यातल्या त्यात सभ्य. दुसऱ्या दिवशी त्याचा फोन आला. ‘आई, आय अ‍ॅम डन. बोल झाला की घरी येतो.’ तुझा जावई बापडा लगेच विरघळला. ‘ये रे राजा, तुझी खोली आहे तशीच आहे.’ मग दोघेही मी काय म्हणते याची वाट बघत होते.

आणि मला नाशिकचं आपलं स्वयंपाकघर आठवलं. मी नववीत आहे. सकाळी मैदानावर, गळ्यातली शिट्टी एका हाताने धरून, तू आंतरशालेय थ्रोबॉलच्या संघाची नावं वाचली आहेस आणि त्यात माझं नाव नाही. शाळेत खेळाच्या बाई तू, घरात आई तू, मग तक्रार करायची कुणाकडे? मी ओट्याशी उभी राहून रडतेय. तू पोळ्या लाटतेयस, मागे वळून बघतसुद्धा नाहीस. ‘ती मुलगी तुझ्यापेक्षा चांगली खेळते. मैदानावर मी तुझी आई नाही.’ तुझं लाटणं थांबत नाही. बऱ्याच वेळाने म्हणतेस, ‘उद्या सरावाला यायचं. संघात नसलेल्यांनीही यायचं.’ आणि तव्यावरची पहिली पोळी, तूप-साखर घालून, सुरळी करून माझ्या हातात देतेस. मी अबोला धरला, पण पोळी खाल्ली. सरावालाही गेले.

तर मी पोराला म्हटलं, ‘यायचं तर ये, घर तुझंच आहे. पण उद्या प्रॅक्टिसला जा.’

‘दॅट्स इट?’

‘इतकंच.’

त्याने फोन ठेवला. तुझा जावई माझ्यावर भडकला. ‘पोरगं रडत होतं गं तिकडे! मास्तरणीची मुलगी शोभतेस अगदी.’ मला ते लागलं, आणि खरं सांगू, थोडं बरंही वाटलं. पण त्यानंतर पोराचा फोन आला नाही. प्रॅक्टिसला गेला की नाही, परतीचं तिकीट काढलं की काय, कशाचाच पत्ता नव्हता. काल टीव्हीवर तो मैदानात धावत आलेला दिसला तेव्हा कुठे माझा जीव भांड्यात पडला.

शेवटची काही मिनिटं उरली होती. आपण जेमतेम पुढे. बॉल आपल्याच टोकाला अडकलेला, तीन प्रयत्न फुकट गेलेले, म्हणून ह्याला बोलावलं. ह्याच्याकडे बॉल फेकणाऱ्या मुलाचा हात चुकला आणि बॉल ह्याच्या डोक्यावरून मागे गेला. माझ्या तोंडून फक्त ‘अगं आई’ निघालं. पोरगा वळला, बॉलमागे पळाला, घरंगळणारा बॉल उचलला. उजवीकडून तीन धिप्पाड पोरं अंगावर आली. उजव्या पायाने मारायला जागाच नाही. हा डावीकडे पळत सुटला आणि पळता पळता त्याने डाव्या पायाने किक मारली. बॉल सगळ्यांच्या डोक्यांवरून गेला, पडला, आणि घरंगळतच राहिला. कॉमेंट्री करणारा आपल्या आडनावाची वाट लावत किंचाळत होता. सोफ्यावर उभं राहणं झालं ते तेव्हा.

हरलो, आई. समोरचे इतक्या लांबूनही आले आणि अगदी शेवटी जिंकून गेले. तासाभराने त्याचा फोन आला. ‘आम्ही हरलो,’ म्हणाला, पण आवाज पाच वर्षांच्या पोराचा. ‘ती किक बघितलीस? सगळी टीम येऊन माझ्या डोक्यावर थापट्या मारून गेली.’ मी विचारलं, ‘कधी येतोयस मग?’ ‘सुट्टीत येतो ना. लगेच परत जायचंय, नवीन सीझनची प्रॅक्टिस आहे.’ मग त्याला कळलं की शेजारचे आजोबा इथेच आहेत. ते इथल्या क्लबात दहा वर्षांखालच्या पोरांना फूटी शिकवायचे, दोन्ही पायांनी मारायला लावायचे, हाही त्यांच्याच हाताखालचा. ‘मेट, दॅट वॉज युअर लेफ्ट फुट!’ तो ओरडला. आजोबांनी चष्मा काढला, पुसला. म्हणाले, ‘नो वरीज, मेट.’

मी चहा टाकायला आत गेले. तू शेवटची, तीन महिन्यांसाठी, आलीस तेव्हा तो चार वर्षांचा होता. रोज दुपार कलली की तुम्ही दोघं बॉल घेऊन मागच्या मैदानात. तू साडी खोचून, पायात जावयाचे बूट घालून. मी कपडे वाळत घालताना कुंपणावरून तुझा आवाज ऐकायचे. ‘आता डावा. डावा पाय पाहुणा नाहीये, घरचाच आहे, त्यालाही काम सांग.’ तो मारायचा, पडायचा, हसत उठायचा. त्याला यातलं काहीच आठवत नाही. एकदा विचारलं होतं मी. आजी म्हटलं की त्याला फक्त तू दिलेले तिळाचे लाडू आठवतात.

आजोबांना चहा नेऊन दिला, पण तुझा विषय काढला नाही. त्यांनी कित्येक हिवाळे चिखलात उभं राहून पोरांना शिकवलंय. तो डावा पाय त्यांचाच असणार. चार वर्षांच्या पोराच्या पायात तुझ्या तीन महिन्यांचं काय उरलं असेल, मला खरंच माहीत नाही.

हे सगळं मी लॅबमध्ये, जेवणाच्या सुट्टीत फोनवर टाइप करतेय. पाठवायचं कुठे, हा प्रश्नच आहे, फोनमध्येच राहील. आज सकाळी माझ्याबरोबर काम करणाऱ्या मुलीने ती किक पाहिली. कुणीतरी तिला पाठवली होती. ‘हू टॉट हिम दॅट?’ तिने विचारलं. मी हातातलं काम न थांबवता सांगून टाकलं, ‘माय मदर.’