बाय काही जेवेना

४ फेब्रुवारी, डहाणू
शितलचा लेख वाचला. कैनाडची पोरगी, अजून एम.ए. करतेय, आणि मला ऐकायला शिकवते! तेहतीस वर्षांपूर्वी तिच्याच गावच्या लग्नात ऐकलेल्या गाण्यावर मी ‘शहराला रडता येत नाही’ लिहिलं. ‘सात पानं मांडली, बाय काही जेवेना’ – सासरी निघालेली नवरी, घास उतरत नाही. त्या लेखानं मला मुंबईत नाव दिलं. नाटकांवर, चाळींवर, मॉलवर लिहिलं, वीस वर्षं स्तंभ चालवला – सगळं त्यानंतरचं. निवडक लेखांच्या पुस्तकात तोच पहिला आहे. आणि ही लिहिते – ते दुःखाचं गाणं नाहीच, मांडवातल्या पाहुणीची टिंगल आहे. पाहुणी कोण? तर मी.

५ फेब्रुवारी
प्रकाशनातून मनिषचा फोन. “मॅडम, तो लेख ठेवायचा ना? नाही म्हणजे, व्हॉट्सॲपवर फिरतंय सगळं.”
ठेवायचा. मोबाइल धड आदळताही येत नाही.

८ फेब्रुवारी
कैनाडला गेले. म्हटलं, गाणारणीलाच विचारते, मिटवून टाकते. जमना – शितलची आजी. अंगणात वाल झोडत होती.
“बाय, तूच ना ती? पिशवीतली बिस्किटं खाणारी?”
शेजारची रूपी पदर तोंडाला लावून हसायला लागली.
पाहुण्याला गाण्यातून चिडवायचं, त्यानं उलट चिडवायचं, मग सगळ्यांनी हसायचं – तशी रीतच, जमना म्हणाली. “तू बोललीच नाहीस. वहीत लिहीत बसलीस. आम्हाला वाटलं, रागावली.”
“पण सूर रडका होता.”
“मग? हसत हसत चिडवलं तर मजा काय?”
भात आणि उडदाचं वरण वाढलं होतं मला. पाणी बाधेल म्हणून हात लावला नाही. लेखात हे कुठेच नाही. शाळेत सिस्टर ग्रेस निबंधाच्या समासात लिहायच्या, ‘कुणाला विचारलंस?’ किती गोल, मायेचं अक्षर होतं त्यांचं. मी कुणालाच विचारलं नव्हतं.
परतताना शितलवर चिडले, मनिषवर चिडले, रिक्षावाल्यावर तर ओरडलेच. त्यांची कुणाची चूक नाही, म्हणून जास्तच.

१० फेब्रुवारी
शितलला फोन केला. लेख काढून टाकते, म्हटलं. वाटलं होतं, खूश होईल.
“काढू नका, बाई. खाली खरं काय ते लिहा. आणि आजीचं नाव घाला. तुम्ही नुसतं ‘एक थकलेली म्हातारी’ लिहिलंय.”
“घालते.”
“ती तेव्हा एकोणतीस वर्षांची होती.”

११ फेब्रुवारी
मीही एकोणतीसच होते.