सगळं छान आहे, सेन्सेई

ओगिकुबो, तोक्यो
११ नोव्हेंबर

चि. तोमोएस,
आशीर्वाद आहेतच.

आम्ही दोघं ठीक. थंडी पडायला लागली आहे. सेत्सुने पर्सिमनची फळं सोलून गॅलरीभर दोऱ्यांना वाळत टांगलीत, त्यामुळे मला सिगारेट ओढायला घरात जागा उरलेली नाही. तुझ्या आईचा गुडघा कसा आहे? सेत्सु रोज विचारते. म्हटलं, पत्र लिहीन तेव्हा विचारीन.

गेल्या आठवड्यात स्टुडिओतल्या लोकांसाठी आपला ॲनिमेशनचा सिनेमा दाखवला, तेव्हा तू मागच्या रांगेत का जाऊन बसलीस? दिग्दर्शक मधोमध आणि त्याची सहायक डाव्या हाताला, हे आपल्याकडे शेंबडं पोरही जाणतं. तुझ्या खुर्चीत नेझु येऊन बसला. निर्माता शेजारी बसला की मला सिनेमा ऐकू येत नाही, त्याच्या पोटातले आवाज तेवढे ऐकू येतात.

सिनेमा उत्तम झालाय. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढचं वाचताना म्हातारा जळतोय असं तुला वाटायला नको.

जळतोयच, म्हणा.

मुलगी घर सोडून निघते तो प्रसंग. आई मान वर करत नाही, ओले कपडे पिळत राहते, असं मी पिवळ्या कागदावर काढून दिलं होतं. एकदा नाही, कितीदा. पडद्यावर आईने हात हलवला! मला वाटलं, चित्रांच्या पाकिटांची कुणीतरी अदलाबदल केली. उद्या त्याच्या कानाखाली वाजवायची असं ठरवून पुढे बघायला लागलो. मग नावाडी आला. तोही माझा नाही. मग कुत्रं आलं. अगं, कुत्रंसुद्धा माझं नाही!

वर्षभर मी रोज सकाळी डबा घेऊन स्टुडिओत आलो. पोरांनी काढलेलं चित्र पाकिटातून बाहेर घ्यायचं, त्यावर पिवळा कागद ठेवायचा, चूक असेल तिथे नीट काढून द्यायचं. आयुष्यभर तेच तर केलं. संध्याकाळी तू स्वतः पाकिटं न्यायला यायचीस, म्हणायचीस, "सगळं छान आहे, सेन्सेई." उन्हाळ्यात माझा मोतीबिंदू काढला तेव्हा म्हणालीस, कच्चे शॉट अंधारात बसून बघू नका, डोळ्यांना ताण पडेल. मी घरी येऊन सेत्सुला सांगितलं, सख्खी मुलगी असती तरी एवढं केलं नसतं. मूर्खासारखा हसत सांगितलं.

सिनेमा संपला, ‘दिग्दर्शक’ म्हणून माझं एकट्याचं नाव आलं, सगळे उठून टाळ्या वाजवायला लागले. मीही उठलो आणि वाकून नमस्कार केला. दुसरं काय करणार होतो?

दुसऱ्या दिवशी नेझुला स्टेशनाजवळच्या सोबाच्या दुकानात बोलावलं. तो आवाज करत शेवया ओरपत होता.

"माझी चित्रं कुठे गेली?"

"कुठली, सेन्सेई?"

"नेझु, मी म्हातारा झालोय, येडा नाही."

तेव्हा त्याने काड्या खाली ठेवल्या. "तुमचा हात कापतो, सेन्सेई. कुठली रेघ खरी, ते पोरांना कळेना. पण तुमच्या नावाशिवाय एक थिएटर मिळालं नसतं. मग तोमोएच म्हणाली, त्यांना येऊ दे रोज, सांगू नका काही, मी सगळं परत काढते."

"आणि माझे पिवळे कागद?"

"जपून ठेवलेत! एकही फेकला नाही. पुढेमागे छानसं प्रदर्शन भरवू की."

जिवंतपणी माझ्या फोटोला उदबत्ती लावायला निघालेत लेकाचे.

सेत्सुला सांगितलं, तर ती वाळत टांगलेले पर्सिमन मऊ करायला चोळता चोळता म्हणते, "कापतोच की तुमचा हात. सांडलेला चहा रोज कोण पुसतं? पोरीने तुमची अब्रू राखली आणि तुम्ही फुगून बसलात." दोन दिवस मी तिच्याशी बोललो नाही.

तर, हात कापतो. लिहून टाकलं एकदाचं. हे अक्षर बघून तुला कळलंच असेल.

पण राग त्याचा नाही. तू नवीन आलीस तेव्हा पळणारा घोडा काढायला दिला होता. मी तो परत करत राहिलो. तू बाथरूममध्ये जाऊन रडलीस, सुजलेले डोळे घेऊन बाहेर आलीस आणि सगळ्यांसमोर मला म्हणालीस, "तुम्ही राक्षस आहात." मी म्हटलं, "हो, पण आधी मागचा पाय बघ." टीव्हीवरची यंत्रमानवांची मालिका, बिस्किटांच्या जाहिराती, मग मोठे सिनेमे, सगळीकडे मी असाच वागलो. लोक सोडून गेले, शिव्या देऊन गेले. कारण ज्याच्यात काही आहे, त्यालाच चूक दाखवायची. ज्याच्याकडून आता काही व्हायचं नाही, त्याला ‘छान आहे’ म्हणायचं आणि घरी पाठवायचं. हे तुला मीच शिकवलं होतं. तू विसरली असशील असं मला वाटत नाही.

एकदा, फक्त एकदा पाकीट माझ्या टेबलावर आपटून म्हणायचं होतंस, सेन्सेई, हे चालणार नाही. मी आरडाओरडा केला असता. तुला हाकलून दिलं असतं. आणि सकाळी परत काढायला बसलो असतो.

शनिवारी पहिल्या खेळाआधी रंगमंचावर उभं राहायचं आहे. नाव काढून घ्या असं सांगायला दोनदा फोन उचलला. पण पोस्टरं लागलीत. मी नाव काढलं तर सिनेमा पडेल, आणि पुढच्या वर्षी तुझ्या हाताखाली चित्रं काढणारी पोरं काय खातील? तेव्हा मी येईन. तुझं काम माझं म्हणून सांगेन. आईने हात का हलवला असं कुणी विचारलंच, तर काहीतरी थाप मारीन. तो हात तसाच हलायला हवा होता. मला ते सुचलं नाही आणि तुला सुचलं.

बाकी काही मागत नाही. रंगमंचाच्या पायऱ्या चढताना माझा हात धरायला पुढे येऊ नकोस. पडलो तर पडू दे. लोकांना त्या दिवशी निदान एक गोष्ट तरी माझी स्वतःची बघायला मिळेल.

आईच्या गुडघ्याचं कळव.

तू घरी पाठवलेला,
शिगाकी