त्या शनिवारचा भाग

देवपूर, धुळे
२ डिसेंबर २०२५

चि. ललित यास,

अक्काचे आशीर्वाद. इथं सगळे बरे. मायचे गुडघे थंडीनं धरलेत, जीभ मात्र शाबूत आहे. जळगावच्या तुरुंगात गारठा जास्त असेल. पाठवलेलं स्वेटर अंगात घालतोस ना, की उशाला घेतोस?

बराकीतला टीव्ही लवकर बंद करतात आणि आपली मालिका बुडते, असं लिहिलंस. तर ऐक. रणपिशांच्या धाकट्यानं डिझेलचा टँकर पळवला. पोलीस दारात आले. त्याची आई, काकीसाहेब, देवघरातून उठून म्हणाल्या, पोरगं सकाळपासून माझ्यासमोर पूजेला बसलंय. फौजदार हात जोडून परत गेला. मालिकेला नऊ वर्षं झाली, पण खोटं बोलताना बाईला घाम फुटत नाही. माय खूश. म्हणे, "माय अशी जोयजे." आई असावी तर अशी!

हेमांगी मला चिडवते. म्हणते, आई, घरात वांग्याचं देठ वाया गेलं तरी बोलतेस आणि चोरांची मालिका चुकवत नाहीस. तिला काय सांगू? त्या घरानं माणसं मारली, दारू विकली, सगळं केलं, पण रात्री पंगत एक. एक जण यायचा राहिला तर बाकीचे ताटावर बसत नाहीत. आबा गेल्यापासून आपल्या घरात दोन माणसं एका वेळी जेवली नाहीत. तू शेंगा खात, मी भाजी निवडत, आपण ती पंगतच बघत होतो रे.

मागच्या आठवड्यात सातबाराच्या उताऱ्यासाठी भडगावला गेले होते. काम झालं आणि पाय आपल्या गावाकडे वळले. अभिमन कोतवालाकडे गेले. गिरणेच्या काठी संध्याकाळी त्यानं चोरीच्या वाळूचा ट्रॅक्टर अडवला आणि तो त्याच्या पायावरून गेला, त्याला आता आठ महिने झाले. पाय गुडघ्याखाली कापलाय. त्याच्या बायकोनं, दिपमालानं, चहा ठेवला. आत टीव्हीवर कालचा भाग पुन्हा लागला होता, आपलाच. अभिमन खाटेवर बसून काकीसाहेबांवर हसत होता. ट्रॅक्टर चालवणाऱ्याचा चेहरा त्याला दिसला नव्हता, हे तुला माहीतच आहे. मग टीव्हीचा आवाज कमी करून तो म्हणाला, "ललितवर मी उगाच संशय घेतला. अक्का, तुम्ही सांगितलं ना तो तुमच्याकडे होता, मग खरंच असणार."

माझ्या हातातला चहा तसाच राहिला.

प्रेमराजकाका रविवारी तुझ्या वकिलांचा निरोप घेऊन आले होते. पंधरा तारखेला माझी साक्ष आहे. पोलिसांना जे सांगितलं तेच सांगायचं, एक शब्द इकडेतिकडे नको. माय समोरच बसली होती. म्हणाली, "मना पोऱ्या सुटी जाई." मी भाजी निवडत राहिले. काकांना वाटलं, मी हो म्हटलं.

ललित, अभिमनचा पाय गेला त्या शनिवारी तू माझ्याकडे, पोलिसांना सांगितलं तसं, सहाला आला नव्हतास. साडेआठला आलास. तुझे दाजी आणि हेमांगी लग्नाला गेले होते, मी एकटी होते. तू मागच्या दारी बूट झाडलेस, खिचडी खाल्लीस आणि विचारलंस, आज काय झालं गं मालिकेत? मी हौसेनं सगळं सांगितलं. दुसऱ्या दिवशी पोलिसांना तू तोच भाग शब्दन् शब्द म्हणून दाखवलास, आणि मी म्हटलं, हो, आम्ही दोघांनी मिळून पाहिला. इतक्या सहज बोलले की माझं मलाच नवल वाटलं. सकाळी मागच्या दाराची वाळू झाडली तेव्हाच मला कळलं होतं. आठ महिने न कळल्यासारखं केलं. लाज वाटते.

तू मुद्दाम ट्रॅक्टर त्याच्या पायावर घातलास असं मला वाटत नाही. घाबरला असशील. पण पळालास, आणि त्याला तिथंच टाकून पळालास. न्यायाधीशांसमोर काय झालं ते तूच आधी सांगितलंस तर मला बरं वाटेल. नाही सांगितलंस तर पंधरा तारखेला मी सांगेन. पोलिसांना खोटं सांगितलं, हेही सांगेन. मग माझं काय व्हायचं ते होऊ दे.

माय माझ्याशी बोलणं टाकेल. मुलीकडे राहायचं नाही म्हणून गावी निघूनही जाईल. तिला अजून सांगितलेलं नाही, तिच्यासमोर तोंड उघडत नाही माझं. तुला आधी सांगावं असं वाटलं.

ही पत्रं तुमच्याकडे उघडून वाचतात, ते मला ठाऊक आहे. वाचू देत. वाचतील म्हणूनच सगळं लिहिलं, म्हणजे मला माघार घेता येणार नाही.

शिक्षा झाली तर दर महिन्याला भेटायला येईन. तू भेटायला नाही म्हणालास तरी येऊन दारात बसेन.

तुझ्याविरुद्ध साक्ष देणारी
तुझी सख्खी बहीण,
नूतन